पान एकशे अडतीसवरची बाई

जगातल्या कुठल्याही थोर माणसाचं चरित्र आमच्या घरमालक काकांच्या हाती पडलं, की त्या थोर माणसाची धडगत नसे. त्यानं देश स्वतंत्र केलेला असो नाहीतर ध्रुवावर झेंडा रोवलेला असो, काकांचा पहिला प्रश्न ठरलेला असायचा. "हे सगळं चाललं होतं तेव्हा याच्या घरी स्वयंपाक कोण करत होतं?" मग पुस्तकाच्या शेवटची सूची उघडायची आणि स्वयंपाकी, मोलकरीण, ड्रायव्हर, टायपिस्ट यांची नावं शोधायची. सापडली तर ते पुस्तक चांगलं. नाही सापडली, तर लेखकाला कितीही बक्षिसं मिळालेली असोत, काकांच्या दरबारात तो नापास.

अमेरिकेत ॲन आर्बरला पीएचडी करताना मी त्यांच्या बेसमेंटमध्ये साडेचार वर्षं राहिले. काका मूळचे नागपूरचे. तिथल्याच एका हॉस्पिटलच्या लॅबमध्ये पस्तीस वर्षं रक्ताचे नमुने तपासून रिटायर झाले होते. माणसाचं खरं काय ते रक्ताच्या थेंबात कळतं, बाकी सगळी जाहिरात, असं त्यांचं मत. चरित्रंही ते त्याच नजरेनं तपासत. त्यांच्याकडे जाडजूड वह्या होत्या आणि त्यांत निरनिराळ्या चरित्रांतली निनावी माणसं पान नंबरसकट टिपलेली होती. 'सेनापतीचा न्हावी, पान ८४, नाव नाही.' 'शास्त्रज्ञाची प्रयोगशाळा पुसणारी बाई, पान २१०, नाव नाही, फक्त "बिचारी" असा उल्लेख.' मग ते लेखकाला पत्र लिहीत. ईमेल नव्हे, पत्र. शंभरातल्या नव्वदांचं उत्तर येत नसे. एका लेखिकेनं मात्र एका चित्रकाराच्या माळ्याचं नाव शोधून कळवलं होतं. ते कार्ड स्वयंपाकघरात फ्रिजवर लोहचुंबकानं लावलेलं होतं, आणि घरी येणाऱ्या प्रत्येकाला ते वाचावंच लागे.

जिवंत माणसांचीही सुटका नव्हती. एकदा ऐन जानेवारीत पाणी तापवायचा बॉयलर बंद पडला. प्लंबर आला. काकांनी त्याला चहा दिला आणि विचारलं, "तुझे आजोबा काय करायचे?" आजोबा खाणीत होते. झालं! दोन तासांनी प्लंबर डोळे पुसत बाहेर पडला, काकांची सहा पानं भरली आणि बॉयलर तसाच राहिला. मी तीन दिवस जिममध्ये जाऊन अंघोळ केली. काकू म्हणाल्या, "यांच्याशी लग्न ठरलं तेव्हा बघायच्या कार्यक्रमात यांनी मला एकही प्रश्न विचारला नाही. पोहे कुणी केले एवढंच विचारलं. शेजारच्या ताईनं केले होते. तर हे उठून तिला भेटून आले!"

काकू हे सगळं सांगायच्या ते हसत. पण वाढदिवसाला किंवा बुद्धवंदनेला कुठे जायचं असलं की गाडीत त्यांची तालीम घेत. "कुणी आपल्या वडिलांचं कौतुक केलं तर काय म्हणायचं?" "वा, छान." "आणि त्यांचा डबा कोण करायचं, हे विचारायचं का?" "नाही." "प्रॉमिस?" काका प्रॉमिस करत आणि पोचल्यावर अर्ध्या तासात मोडत.

माझ्या प्रबंधाची ऋणनिर्देशाची पानं त्यांनी मागून घेतली तेव्हा मी मनातून घाबरलेच. गाइड, समिती, मित्र, आईबाबा, सगळे होते. काकांनी चष्मा वर केला. "तुझी लॅब कोण साफ करतं?" मला तिचा चेहरा माहीत होता, तिची निळी बादली माहीत होती. नाव माहीत नव्हतं. तीन वर्षं रोज सकाळी आम्ही एकमेकींना गुड मॉर्निंग म्हणत होतो. दुसऱ्या दिवशी विचारलं. ग्लोरिया. ते नाव छापलं गेलं आणि तिला दाखवलं तेव्हा तिनं त्या पानाचा फोटो काढून मुलीला पाठवला. मी हे घरी सांगितलं. मला वाटलं, काका खूश होतील. ते म्हणाले, "आडनाव?"

हे वेड कुठून आलं, ते मला चौथ्या वर्षी कळलं. नागपूरच्या एका नामांकित डॉक्टरांचं इंग्रजी चरित्र प्रसिद्ध झालं. ते त्यांच्या नातीनं लिहिलं होतं. ती तिथेच मिशिगनमध्ये जन्मली, वाढली. काकांनी पुस्तक मागवलं आणि आल्या दिवशी वाचायला बसले. संध्याकाळी मी वर गेले तर ते पान एकशे अडतीस उघडं ठेवून बसले होते. त्या पानावर आगीची हकिकत होती. डॉक्टरांच्या मागच्या खोलीत टेबलावर वर्षानुवर्षांच्या नोंदी होत्या. त्यांच्याच जोरावर पुढे डॉक्टरांचं नाव झालं. एके दुपारी तिथे आग लागली आणि 'सुदैवानं एका नोकराणीनं ओलं धुणं टाकून कागद वाचवले.' एवढं एकच वाक्य.

"ही माझी आई," काका म्हणाले.

डॉक्टरांच्या वाड्याचं अंगण झाडायला आणि धुणं धुवायला त्यांची आई वीस वर्षं जात होती. तिच्या डाव्या हातावर कोपरापर्यंत भाजल्याचा डाग होता. लहानपणी काकांनी विचारलं तेव्हा ती म्हणाली होती, "डॉक्टरसाहेबाचे कागद जळत होते." बस, तेवढंच.

महिनाभरानं ती नात आमच्या गावच्या लायब्ररीत पुस्तकाबद्दल बोलायला येणार होती. काका जाणार हे नक्की होतं. काकूंनी या वेळी तालीम घेतली नाही. बर्फ पडत होतं म्हणून ड्राइव्ह मी केलं. काकांनी कोट घातला होता. मला वाटत होतं, आज काहीतरी फुटणार.

बाई पन्नाशीच्या, साध्या. छान बोलल्या. प्रश्नोत्तरं सुरू झाल्यावर काका उभे राहिले आणि इंग्रजीत शांतपणे म्हणाले, "पान एकशे अडतीस. त्या बाईचं नाव काय होतं?"

बाईंनी पान काढलं, वाचलं. मग म्हणाल्या, "आय डोंट नो. घरात ही स्टोरी नेहमी सांगायचे, पण नाव कुणी सांगितलं नाही. आणि मी... मी विचारलं नाही." आणि अडखळत मराठीत म्हणाल्या, "तुम्हाला माहीत आहे का?"

"भागरथा," काका म्हणाले. "माझी आई." आणि खाली बसले. काकूंनी त्यांचा हात धरला.

पुढच्या शनिवारी बाई घरी आल्या. नव्या आवृत्तीत त्यांना हे नीट लिहायचं होतं. डायनिंग टेबलावर फोन रेकॉर्डिंगला ठेवून त्यांनी अगदी साधे प्रश्न विचारले. आईचं माहेर कुठलं? काका म्हणाले, "वर्ध्याकडचं कुठलं तरी गाव." कुठलं? माहीत नाही. लग्न झालं तेव्हा तिचं वय काय होतं? माहीत नाही. तिला काय आवडायचं? प्लंबरच्या खाणीतल्या आजोबांची सहा पानं लिहून घेणारा हा माणूस टेबलावरच्या मिठाच्या बाटलीकडे बघत राहिला. "ती कामावर जायची," शेवटी म्हणाले. "आली की आम्ही झोपलेले असायचो. मग मी शिकायला बाहेर, मग इकडे. दर वेळी वाटायचं, पुढच्या खेपेला विचारू." ते उठले आणि चहा ठेवायला गेले. बराच वेळ आले नाहीत. चहा काकूंनीच आणला.

बाईंनी मसुदा पाठवला, चार ओळींचा. त्यात 'एकनिष्ठ सेविका' असे शब्द होते. काकांनी त्यांना फोन केला. "मॅडम, निष्ठा वगैरे काही नव्हती. आई पगारावर होती. पण हात भाजतोय हे कळत असून तिनं धुणं टाकलं. निष्ठेपेक्षा ते मोठं आहे." बाईंनी ते शब्द काढले. नाव राहिलं, डाग राहिला, धुणं राहिलं.

नवी आवृत्ती घेऊन काका नागपूरला थोरल्या बहिणीकडे गेले. अक्का ऐंशीच्या. त्यांना इंग्रजी येत नाही. काकांनी चार ओळी मराठीत सांगितल्या. अक्का म्हणाल्या, "एवढंच लिवलं? शिट्टीचं नाही लिवलं?"

"कसली शिट्टी?"

"माय शिट्टी वाजवाची ना, बाप्पा. धुणं धुताना. डॉक्टरीनबाई रागवाची, तरी वाजवाची. तुले नाही माहीत?"

काका तीन आठवड्यांसाठी गेले होते, त्याला आता आठ महिने झाले. मध्यंतरी काकूही नागपूरला गेल्या. मी नोकरीसाठी कॅलिफोर्नियात सनीव्हेलला आले. बेसमेंटमध्ये दुसरी कुणी मुलगी राहते असं कळलं. परवा काकांचा फोन आला. अक्का रोज सकाळी अर्धा तास बोलतात, मग "आता बास" म्हणून भिंतीकडे तोंड करून निजतात, असं सांगत होते. माहेरच्या गावाचं नाव एकदा एक सांगतात, एकदा दुसरं. काका दोन्ही लिहून ठेवतात. काल म्हणे दिवसभरात एकच ओळ मिळाली: मायले आंबट बोरं आवडत.

"लिहिताय त्याचं पुस्तक होणार का, काका?" मी विचारलं.

"कसलं पुस्तक गं? अकरा पानं झालीत." मग म्हणाले, "मोठ्या माणसांचं बरं असतं. त्यांचं सगळं कुणीतरी वेळेवर विचारून ठेवतं." तेवढ्यात मागून अक्कांनी हाक मारली असावी. "आलो, आलो," म्हणत त्यांनी फोन ठेवला, निरोपाचं काही न बोलताच.