टिंबकाका

मला माझं नाव सांगता येत नाही. बाकी बरंच बोलता येतं. भाजीवालीशी, रिक्षावाल्याशी, घरच्यांशी अडखळत का होईना, निभतं. पण कुणी "नाव काय?" म्हणून विचारलं की ओठ मिटतात ते मिटतातच. माझ्या नावाचं पहिलं अक्षर ओठांवरचं आहे. ओठाला ओठ लावून सोडायचा असतो, आणि माझे सुटत नाहीत. आत सगळं तयार असतं आणि दार बाहेरून कुणीतरी धरून ठेवलेलं असतं.

वडील अंबरनाथला कारखान्यात होते. तिथल्या शाळेत हजेरीला नुसतं "हजर" म्हटलं की भागायचं. पाचवीत नव्या बाई आल्या आणि त्यांनी एकेकाला उभं करून नाव विचारलं. माझी पाळी आली. मी उभी राहिले आणि उभीच राहिले. खिडकीबाहेर शिरीषाचं झाड होतं, त्याच्या शेंगा वाऱ्यावर वाजत होत्या, ते मला अजून ऐकू येतं. बाई हसून म्हणाल्या, "नाव विसरलीस का गं?" वर्ग हसला. बाई वाईट नव्हत्या. त्यांना खरंच गंमत वाटली असणार.

तेव्हापासून माझं नाव लिहिलेली एक चिठ्ठी माझ्याजवळ असते. बँकेत, दवाखान्यात, कुठेही गेले की आधी चिठ्ठी पुढे करते. वरून सर्दी झाल्यासारखा घशाला हात लावते. लोक समजून घेतात.

आता मी बदलापूरला कात्रपमध्ये भाऊ-वहिनीजवळ राहते आणि कामाला उल्हासनगरला जाते. काम एम्ब्रॉयडरीच्या डिझाइनचं. ड्रेसवरची फुलं, वेली, कोयऱ्या आधी कॉम्प्युटरवर टाका-टाका करून बसवाव्या लागतात, मग खाली मशीन त्या कापडावर काढतं. आमच्या लाइनीत याला पंचिंग म्हणतात. दिवसभर मी वरच्या माळ्यावर एकटी. खालून मशीनची एकसारखी थरथर पायांत चढत राहते. दुपारी तीन-चारच्या सुमारास ती थरथर आणि पडद्यावरचा जांभळा, गुलाबी, मोरपंखी दोरा यांत आपण जागे आहोत की नाही ते कळेनासं होतं. शेठ सिंधी आहेत, साठी उलटलेले. पहिल्याच दिवशी मी नावावर अडकलेली पाहून त्यांनी हात हलवला आणि म्हणाले, "बेटा, तू बोल मत. तू बस फूल बना." मला ते फार आवडलं होतं.

अशाच एका दुपारी मला तो ग्रुप सापडला. मराठीत बोलताना अडखळणाऱ्यांचा. तिथे फोन नंबर दिसत नाही. नाव, गाव, फोटो, आवाज, काहीही द्यायचं नाही, असा नियमच होता. फक्त लिहायचं. शिरताना मात्र नावाची चौकट रिकामी सोडता येईना. मी तीन टिंबं टाकली आणि आत गेले.

काय सांगू कसं वाटलं. मी लिहीत होते आणि शब्द येत होते. विनोद वेळेवर येत होता. कुणी काही म्हटलं की मी दुसऱ्या क्षणाला उत्तर देत होते आणि लोक हसत होते. आयुष्यात पहिल्यांदा मी चटपटीत होते. उल्हासनगरच्या त्या माळ्यावर बसून मी अशी तरंगायचे की संध्याकाळी जिना उतरताना पायऱ्या मोजून उतरावं लागे.

निनावी राहणं सोपं नाही, हे मात्र लवकर कळलं. नाव लपवून भागत नाही. एकदा मी लिहिणार होते की स्वयंपाकघराच्या खिडकीतून चंदेरीचा सुळका दिसतोय, ढगात अर्धा बुडालाय. मग थांबले. त्या सुळक्यावरून कुणीही माझं गाव सांगेल. मी "डोंगर" एवढंच ठेवलं. गाड्या लेट आहेत, पाणी आलं नाही, हेही लिहायचं नाही. सगळ्यात मोठी अडचण मराठीची. आपल्या भाषेत "मी गेले" म्हटलं की बाई कळते, "मी गेलो" म्हटलं की पुरुष. मला कुणीच व्हायचं नव्हतं. मग मी वाक्यं वळवू लागले. "जाणं झालं." "जेवण उरकलं." "मला वाटलं." "माझ्याकडून राहून गेलं." महिनोन्महिने मी अशा मराठीत जगले, जिच्यात मी कुठेच नव्हते आणि तरी सगळं घडत होतं. त्या जडशीळ वाक्यांवरून लोकांनी ठरवून टाकलं की मी कुणी रिटायर झालेले सरकारी गृहस्थ आहे. ते मला टिंबकाका म्हणू लागले. मी नाही म्हटलं नाही.

तिथे एक जण होता, त्याच्या नावाच्या जागी छत्रीचं चित्र. तो "गेलो", "आलो" असं बिनधास्त लिहायचा, म्हणून पुरुष एवढं माहीत. कामावर सगळे फोनवर बोलतात आणि तो मेल पाठवतो, आईला वाटतं मुलगा अबोल आहे, असलं काहीबाही सांगायचा. माझ्याशी त्याची विशेष गट्टी जमली. सल्ला मागायला तो ग्रुपबाहेर, खासगी मेसेजमध्ये, टिंबकाकांकडेच यायचा.

एकदा संध्याकाळी सातच्या सुमारास मी पोळ्या लाटून फोन घेऊन बसले होते. तेवढ्यात लाइट गेली. मी काही लिहिलं नाही, नियम पाळला. पण त्याच क्षणी छत्रीनं लिहिलं, "गेली लाइट. अख्खा एरिया काळा झाला."

मी गॅलरीत गेले. खरंच सगळं काळं होतं. समोरच्या इमारतींत एकेक मेणबत्ती, एकेक मोबाइल उजळत होता. त्या उजेडांपैकी एखादा त्याचा असू शकेल या विचारानं मला हसू आलं. पंचवीस मिनिटांनी लाइट आली. माझ्या पंख्याचं पातं फिरायला लागलं आणि फोनवर त्याचा मेसेज आला: "आली."

म्हणजे तो इथेच कुठेतरी होता. पुढे कित्येक दिवस रस्त्यात दिसणाऱ्या प्रत्येक गप्प माणसाकडे मी पाहत राहिले. दूध घेताना नुसतं बोट दाखवणारा. रिक्षात पत्ता सांगण्याऐवजी "सरळ घ्या" म्हणणारा. सगळं गाव हळूहळू माझ्या ओळखीचं झाल्यासारखं वाटू लागलं. मी त्याला सांगितलं मात्र नाही.

त्या सुमारास चिठ्ठीचा विषय निघाला. तोही चिठ्ठी बाळगायचा. त्यानं लिहिलं, "काका, परवा एका खिडकीवर नाव सांगायची वेळ येणार आहे. चिठ्ठी नेऊ का?"

टिंबकाका फार धीट होते. त्यांनी लिहिलं, "नेऊ नका. लागू दे वेळ. एक मिनिट, दोन मिनिटं. तुमचं नाव आहे, तुम्हीच सांगा."

"लोक हसले तर?"

"हसू देत. नाव पूर्ण करूनच खिडकी सोडायची."

"ठरलं," तो म्हणाला.

मी स्वतः हे कधी केलं नव्हतं. पण लिहिताना सगळं खरं वाटलं.

दोन दिवसांनी मला आधारमध्ये मोबाइल नंबर बदलायचा होता. अंबरनाथला एका केंद्रात गर्दी कमी असते म्हणून मी तिथे गेले. चिठ्ठी हातात. भिंतीला टेकून वीसेक माणसं बसली होती, पंखा कुरकुरत होता, ऊन दारातून लांबपर्यंत आत आलं होतं. खिडकीशी पस्तिशीचा एक माणूस उभा होता. आतल्या मुलीनं यादीवर पेन ठेवून विचारलं, "नाव?"

मागून मला त्याचे कान लाल होताना दिसले. मान ताणली गेली. मग एक अक्षर आलं, तेच पुन्हा, तेच पुन्हा.

मुलगी वैतागली. "अहो, नाव विसरलात का?"

बाकावरचे दोघे-तिघे हसले. आणि मला काय झालं कोण जाणे. मी एकदम उठले. शिरीषाच्या शेंगा कानात वाजत होत्या. खिडकीशी जाऊन मी म्हणाले, "थ... थ... थांबा. त्यांना ब... ब... बोलू द्या. अ... असं ह... हसू नका."

सगळे माझ्याकडे वळले. मुलगी घाबरून म्हणाली, "सॉरी मॅडम. सर, तुमचा फॉर्म द्या ना, मीच बघून लिहिते." त्या माणसानं माझ्याकडे पाहिलं. एक क्षणच. मग फॉर्म आत सरकवला, काम झालं, आणि मान खाली घालून तो निघून गेला. त्याचं नाव मला ऐकूच आलं नाही.

मी मात्र हवेत होते. मी, जी चारचौघांत तोंड उघडत नाही, ती एका माणसासाठी उभी राहिले होते. माझी पाळी आली तेव्हा अर्थात मी चिठ्ठीच दिली. पण घरी येईपर्यंत पाय जमिनीला लागत नव्हते. बदलापूरचं आकाश त्या दिवशी फार मोठं वाटलं.

संध्याकाळी छत्रीचा मेसेज आला होता.

"काका, गेलो होतो. चिठ्ठी न नेता. अर्धं नाव झालं होतं. अजून अर्धं मिनिट मिळालं असतं तर सांगितलं असतं, शपथ. पण मागून एक बाई उठल्या आणि माझ्या वतीनं भांडायला लागल्या. मग फॉर्म द्यावा लागला. माझं नाव माझ्या तोंडातच राहिलं."

मी ते परत परत वाचलं. हातातलं भांडं कट्ट्यावर ठेवलं. आमची वहिनी माझी वाक्यं पूर्ण करते. मी "भा..." म्हटलं की ती "भाजी आणू?" म्हणते. प्रेमानंच करते, आणि वीस वर्षं मला त्याचा राग येतो. आज मी तेच केलं होतं, तेही वीस माणसांदेखत. वर, त्याला तिथे चिठ्ठीशिवाय पाठवणारीही मीच.

मी लिहिलं, "त्या बाईंनी काय करायला हवं होतं?"

बराच वेळ तो लिहितोय असं दिसत राहिलं, थांबत होतं, पुन्हा दिसत होतं. मग आलं: "काही नाही. बसून राहायला हवं होतं. पण एक सांगू? त्या पण आपल्यातल्याच होत्या. दुसऱ्या कुणाचं अडखळणं मी आज पहिल्यांदा समोर ऐकलं. मला वाटायचं फार भयंकर ऐकू येत असेल. तसं काही नव्हतं. बाई बोलत होत्या, एवढंच."

मला रडू आलं. त्याचं कारण मला आजही नीट सांगता येणार नाही. माझ्या बोलण्याविषयी इतकं सरळ मला कुणी कधी सांगितलं नव्हतं. आणि ते मला सांगतोय हे त्याला माहीत नव्हतं, म्हणूनच तो सांगू शकला होता.

मी गप्प बसू शकले असते. टिंबकाका राहून आणखी ऐकू शकले असते. आठ दिवस तसं राहिलेही. पण मग त्याच्याशी बोलताना मी खिडकीमागे बसलेय आणि तो उघड्यावर उभा आहे असं वाटू लागलं. एका दुपारी, मशीनची थरथर पायांत असताना, मी लिहिलं: "त्या केंद्रात मी उभी होते."

एक शब्द. "उभी." इतके महिने हातानं दाबून ठेवलेला तो स्त्रीलिंगी प्रत्यय पडद्यावर तसाच उमटला. खाली लिहिलं, "तुमचं नाव मी तोडलं. चुकलं माझं."

दीड दिवस उत्तर नाही. पडद्यावर मी एक मोर काढत होते. त्याचं तिसरं पीस मी चारदा उसवलं. शेठनी वर येऊन पाहिलं आणि विचारलं, "तबीयत ठीक है?" मी मान हलवली.

मग आलं: "काका बाई निघाले." आणि पाठोपाठ, "राग आला होता. आता गेला. परत एकदा जाईन कुठेतरी, चिठ्ठी न घेता. तुम्ही येऊ नका फक्त."

"नाही येणार," मी लिहिलं. "मी पण एकदा जाईन म्हणते."

"तुम्ही गेलात तर मी पण येणार नाही."

आम्ही एकमेकांना नाव विचारलं नाही. चेहरे ठाऊक झाले होते, तेवढं पुरे होतं. तो ग्रुपमध्ये मला काकाच म्हणत राहिला, गुपित त्यानं फोडलं नाही. त्यानंतर दोन महिन्यांनी तो एका दवाखान्यात नाव सांगून आला. सव्वा मिनिट लागलं म्हणाला. मी अजून प्रयत्नात आहे. एकदा अर्ध्यापर्यंत पोचले.

मागच्या हिवाळ्यात एका रविवारी वहिनीबरोबर वांगणीला गेले होते, तिला गॅलरीसाठी गुलाब हवे होते. स्टेशनपासून थोडं आत एक रोपवाटिका आहे. वहिनी मालकाशी खताबद्दल बोलत होती. मी जास्वंदीच्या रांगेतून चालत गेले, तर पलीकडच्या टोकाला तो उभा, हातात तुळशीचं रोप, शेजारी त्याची आई. आम्ही दोघंही थबकलो. धुकं नुकतं विरत होतं, सगळ्या पानांवर पाणी होतं.

आईनं आमच्याकडे आळीपाळीनं पाहिलं. "ओळखीच्या आहेत का रे?"

त्यानं तोंड उघडलं. अडकला. मी दोन्ही हात पाठीमागे धरले आणि थांबले. त्याची आईही थांबली. तिला सवय असणार.

"ऑ... ऑ... ऑफिसातल्या," तो म्हणाला.

"ह... हो," मी म्हणाले. "ऑफिसातली."

"बरं झालं बाई, हा बोलतो कुणाशी तरी," आई म्हणाली. मग तुळशीचं रोप त्याच्या हातातून घेऊन पुढे चालू लागली. "बोला तुम्ही सावकाश. मी मोगरा बघते."