स्वयंपाकघरातला कूलर

कुणाला हसवायचं तर खरं बोलूनच हसवायचं, हा माझा तेव्हाही हट्ट होता आणि आजही आहे. पटत नसेल त्यानं दुसरीकडे जावं.

जयपूरच्या दुकानदारांना तेव्हा जाहिरातीसाठी छोट्या विनोदी फिल्म करून केबलवर दाखवायचं नुकतंच वेड लागलं होतं. चारदीवारीतल्या, म्हणजे तटाच्या आतल्या जुन्या शहरातल्या, एका कूलरवाल्या शेठजींची फिल्म माझ्याकडे आली. माझी पहिलीच. त्यात भर उन्हाळ्यात सगळं घर कूलरसमोर लोळतंय आणि सून स्वयंपाकघरात घामानं निथळतेय. शेवटी ती कूलरच ढकलत स्वयंपाकघराच्या दारात नेते. गारव्यामागे सासरे, दीर, पाहुणे खुर्च्या उचलून तिथे येतात आणि ती एकेकाच्या हातात लाटणं, चाकू, परात देते.

फिल्म बघून शेठजी म्हणाले, "बाईसा, रसोई वाला सीन काट दो. रसोई में कूलर कौन लगाता है? गैस बुझ जाएगी."

माझं डोकंच फिरलं. जयपुरातच वैशाली नगरच्या आमच्या घरी बाबा दर उन्हाळ्यात आईला हेच सांगायचे. बँकेनं त्यांची बदली कुठेही केली तरी आईच्या ओट्यापाशी वारा म्हणून पोचला नाही. मी शेठजींना सांगून टाकलं, सीन कापलात तर फिल्म परत घेऊन जाईन.

"पहले घरवालों को दिखाते हैं," ते गुरकावले.

दुकानावरच्या त्यांच्या घरात टीव्ही लागला. पुरुष गाद्यांवर, बायका बांबूच्या पडद्याआड. मुनीम आणि सेल्समन शेठजींचं तोंड बघत होते. शेठजी हसेनात, म्हणून कुणीच हसेना. पण फिल्ममधल्या सासऱ्यांच्या हातात लाटणं आलं आणि पडद्याआड कुणीतरी खुदकन हसलं. मग सगळ्याच हसत सुटल्या.

शेठजींच्या आई आतूनच म्हणाल्या, "सीन रहेगा. और कल एक कूलर हमारी रसोई में लगेगा."



त्याच संध्याकाळी मी आमचा कूलर ओढत स्वयंपाकघराच्या दारात नेला आणि जरा तिरका लावला.

"अगं, गॅस विझेल!" बाबा ओरडले.

"विझू दे. परत पेटवू," मी म्हटलं.

ज्योत थोडी हलली, विझली नाही. आईनं पदरानं मान पुसली आणि डोळे मिटून नुसती उभी राहिली. थोड्या वेळानं बाबा खुर्ची घेऊन तिथेच आले. मी गवारीची परात त्यांच्या मांडीवर ठेवली.