अंतिम निकालाच्या अधीन राहून डबा

गुणवंतराव भुयारांनी तहसीलदार मॅडमपुढं नांगी टाकली, मॅडमनं त्यांना स्वतःच्या गाडीत घालून नागपूरला नेलं आणि ट्रिब्युनलातली केस मागं घ्यायला लावली, ही बातमी आमच्या महसूल कॉलनीत दुधाच्याही आधी पोचली. त्यातली गाडी तेवढी खरी. भुयार तिच्यात पुढच्या सीटवर पाय लांब करून बसले होते. पण केस मागं वगैरे काही घेतली नव्हती. उलट त्या दिवशी तिचा निकाल होता.

भुयार नायब तहसीलदार. कारकून म्हणून चिकटले, अव्वल कारकून झाले, मग बढतीनं नायब. बढतीच्या आदेशात 'तात्पुरती' असा शब्द होता, आणि लग्नाला आलेल्या लांबच्या मामासारखा तो काही हलेचना. काम पूर्ण, जबाबदारी पूर्ण, फक्त ज्येष्ठता मोजायची वेळ आली की ती वर्षं हवेत. अशात रेवती काळमेघ, म्हणजे याच मॅडम, परीक्षा देऊन थेट नायब म्हणून आल्या. फेरफार कसा तपासायचा, मोर्चाचं निवेदन चेहरा न पाडता कसं घ्यायचं, हे त्यांना भुयारांनीच शिकवलं. मग ज्येष्ठता यादी लागली. काळमेघ वर, भुयार खाली! भुयार तडक ट्रिब्युनलात गेले. मॅडम तिथल्याच तहसीलदार झाल्या खऱ्या, पण आदेशाच्या शेपटाला एक ओळ लागली: 'अंतिम निकालाच्या अधीन राहून.'

"खुर्ची तुमची नाही बरं मॅडम, उसनी आहे," भुयार चहा पिता पिता म्हणायचे.

"असू द्या हो भाऊ. तुमच्या रजेवर सही करायला उसनी पुरते."

रजेचं खरंच होतं. तारखेला जायचं तर रजा लागे, आणि ती देणार मॅडम. अर्जात कारण: 'आपल्याविरुद्धच्या सुनावणीस हजर राहणे.' मॅडम 'मंजूर' लिहीत आणि विचारीत, "एसटीनं काऊन जाता? मीही तिथंच चालले ना."

आता डब्याचं. दोन अधिकारी बाहेर निघाले की डबा ज्युनिअरनं आणायचा, हा कचेरीचा जुना रिवाज. भुयारांनी उभ्या नोकरीत थेट भरतीच्या पोरापोरींचे डबे वाहिले होते. पहिल्या तारखेला मात्र दोघंही हात हलवत आले. डबा आणणं म्हणजे कबुलीजबाबच की! नागपुरात वकील मंडळी तर्री पोहे ओरपत होती आणि ही दोघं बाकावर कडक बसलेली. विकत घ्यायला आधी कोणी उठायचं, हाही ज्येष्ठतेचाच वाद.

संध्याकाळी शालूवहिनी, म्हणजे सौ. भुयार, कडाडल्या. "एवढे शिकले अन् उपाशी हिंडता? पुढच्या तारखेपासून डबा माझा."

"अवं, पण तो माह्या हातात दिसला म्हणजे?"

वहिनींनी डब्यावर कागद चिकटवून लिहिलं: 'अंतिम निकालाच्या अधीन राहून.' मॅडमनं वाचलं, हसून हसून ठसका लागला, आणि भाकरी-ठेचा दोघांत निम्मा निम्मा झाला. तेव्हापासून प्रत्येक तारखेला तोच डबा, तोच कागद.

निकालाच्या दिवशी ट्रिब्युनलनं सांगितलं: भुयारांची तात्पुरती वर्षं धरा. त्यांचा मानीव दिनांक, म्हणजे बढतीची कागदोपत्री धरायची तारीख, मॅडमच्या आधीचा लागला. जागा रिकाम्या होत्या, म्हणून मॅडमच्या खुर्चीला धक्का नाही. परतताना कोंढाळी गाव आलं. भुयार खिडकीबाहेर पाहत म्हणाले, "धरली म्हणे. ती सारी वर्षं धरली."

"ऐकलं मी भाऊ. समोरच उभी होते."

भुयारांच्या तहसीलदारीचा आदेश यथावकाश आला. नेमणूक पार राज्याच्या टोकाला, आणि निवृत्ती तर दारातच उभी. निघायच्या सकाळी जीप सामानानं भरली. तेवढ्यात फाटकात मॅडम. हातात डबा, पुडाच्या वडीचा वास गल्लीभर.

"हे काय मॅडम?"

"ज्युनिअरनंच आणायचा असतो ना?"

भुयारांनी डबा घेतला, उगाच झाकण घट्ट केलं, चष्मा पुसला. शालूवहिनींनी मुद्दाम विचारलं, "कागद नाही चिकटवला?"

"आता कशाला वहिनी? निकाल लागला."

कुंपणावरून खारोडेनाना, पोस्टातून निवृत्त झालेले आणि गप्प बसणं ज्यांच्या प्रकृतीला मानवत नाही असे, ओरडले, "काय बाप्पा गुणवंता! एवढी वर्षं भांडला अन् मिळाली काय, तर चार महिन्यांची तहसीलदारी?"

भुयार जीपमध्ये चढले, डबा मांडीवर ठेवला आणि म्हणाले, "चार महिने पुढचे आहेत नाना. मी भांडलो ते मागच्या वर्षांसाठी. अन् वडीकडं पाहू नको, तुले एकही देत नाही."