गेटवरच्या आक्का

"हात वर कर गं बाय, म्या बघत न्हाय," असं म्हणत आक्का बायकांची झडती घ्यायच्या. तोंड खरोखरच दुसरीकडे फिरवलेलं. चाचपायचं ते फक्त हातांनी, डोळे रस्त्यावरच्या उसाच्या ट्रॉलीवर.

बारामतीजवळच्या एका दूध पावडरच्या कारखान्यात मी पाळीचा सुपरवायझर होतो. गेटवर पहाऱ्याला असलेल्या आक्का सणसरहून यायच्या. आत जाताना माझाही डबा उघडून बघायच्या. "आज बी दोडका? वैनी रुसल्या जनू!" मग झाकण घट्ट लावून परत द्यायच्या.

तुम्हीही असं एखादं माणूस पाहिलं असेल, ज्याला नियमही मोडवत नाही आणि कुणाचं मनही मोडवत नाही. म्हणून मी त्यांना सांगून ठेवलं होतं, "काही सापडलं तर आधी माझ्याकडे आणा. मी बघतो." सांगताना मला उगाच मोठं झाल्यासारखं वाटलं होतं.

एका दुपारी पाळी सुटताना आक्कांच्या हाताला एका बाईच्या कमरेला बांधलेली पिशवी लागली. आत दोन मुठी पावडर. बाई बाळंतपणानंतर नुकतीच कामावर आलेली. अंगावर दूध नाही, नवरा अंथरुणाला खिळलेला, बाळ पेजेच्या पाण्यावर. आक्कांनी तिथंच सोडलं असतं तर कुणाला कळलंही नसतं. पण माझ्या शब्दावर विसंबून त्या तिला घेऊन आल्या.

"सायब, माझं काम म्या केलं. आता तुमी सोडा हिला."

बाईने माझे पाय धरले. "येवढ्या बारीला पदरात घ्या सायब. लेकरू मरंल माझं."

मी पाय खुर्चीखाली ओढून घेतले. भिंतीवर कॅमेरा होता आणि मला माझी नोकरी दिसत होती. मी रिपोर्ट लिहिला. संध्याकाळच्या आत तिचं काम गेलं.

"तुमी म्हनला हुता, मी बघतो," आक्का म्हणाल्या.

"नियम आहे, आक्का." हे बोलल्याची लाज मला अजून वाटते.

त्यानंतर आक्का रोज घरच्या शेळीचं दूध घेऊन जळोचीला तिच्या खोलीवर जायच्या. आठव्या दिवशी खोलीला कुलूप होतं. बाळाला दवाखान्यात नेलं, का घरची सगळीच गाव सोडून गेली, हे शेजाऱ्यांनाही सांगता येईना.

दुसऱ्या दिवशी आक्कांनी खाकी कोटाची घडी माझ्या टेबलावर ठेवली. मी म्हणालो, "तुमची काय चूक, आक्का? तुम्ही चोरी पकडलीत, एवढंच."

"म्या तिला पकडलं न्हवतं, सायब," त्या म्हणाल्या. "म्या तिला तुमच्याकडं आनलं हुतं."