कोंबड्यावरची ओढणी

गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी आई गावाहून माझ्याकडे आली, तेव्हा तिच्या पिशवीत कोंबड्याच्या बियांची पुडी होती. ते लाल, मखमली तुऱ्याचं फूल मला लहानपणापासून आवडतं. बाल्कनीतल्या कुंडीत पेरलेलं रोप वीतभर झालं आणि ऊन तापायला लागलं, म्हणून मी कुंडीवर माझी जुनी ओढणी बांधली. पाणी तर सकाळ-संध्याकाळ घालत होते. रोप नुसतंच लुकडं, उंच होत गेलं. पानं पिवळी पडली, तुरा काही येईना.

काल ऑफिसातून आले तर ओढणी धुऊन दोरीवर वाळत होती आणि कुंडी कठड्याशी, भर उन्हात.

"अगं, करपेल ना ते!"

"कोंबडा आहे तो. दिवसभर ऊन लागतं त्याला," आई म्हणाली. "आणि माती सुकल्याशिवाय पाणी घालू नकोस. मुळं कुजतील."

मी माती बोटाने दाबून पाहिली. नुसता चिखल होता. काळजी घेतो म्हणताना आपण बहुतेक वेळा आपलीच भीती दुसऱ्यावर पांघरतो की काय, कोण जाणे. ऑपरेशनला चार महिने झाले. डॉक्टर चाला म्हणतात, आणि मी आईला जिन्यापर्यंतही जाऊ देत नाही. "तू बस, मी आणते," हे माझं पालुपद.

आज सकाळी कोथिंबीर संपली होती. मी चपला घालता घालता थांबले आणि पिशवी आईच्या हातात दिली.

"ऊन आहे हं बाहेर," सवयीने तोंडातून गेलंच.

"असू दे की," ती म्हणाली, आणि कठडा धरून जिना उतरायला लागली.