आत्याच्या चपलांतलं सेडम

आत्या वारली तेव्हा तिची एकच जिवंत खूण आमच्या लातूरच्या घरात उरली: खिडकीतल्या कुंडीतलं सेडम नावाचं गुबगुबीत पानांचं रोप. ते जगवायचं काम माझ्याकडं आलं. नळ आला की साठवलेलं शिळं पाणी कुंड्यांत ओतायचं, ही आम्हा लातूरकरांची जुनी सवय. मी तर हंडेच्या हंडे ओतले, त्यात मांजरा धरण भरलं असतं. सेडम कुजून काळं पडलं, पानं गळून खोलीभर घरंगळली. आत्याची शेवटची खूण मीच बुडवली.

मग एका दुपारी बायको ओरडली, "अहो, इकडं या!"

खिडकीखाली आत्याच्या चपला अजून तशाच होत्या. त्यांत पडलेल्या प्रत्येक पानाला मुळं फुटून हिरवे कोंब आले होते. माती नाही, पाण्याचा थेंब नाही. आणि शपथेवर सांगतो, भिंतीकडं तोंड करून ठेवलेल्या त्या चपला दाराकडं वळल्या होत्या.

"उचला अन् कुंडीत लावा की," बायको कुजबुजली.

"तू उचल."

"आत्या तुमची हाय, माझी न्हाई!"

शेवटी मीच वाकलो. चप्पल आतून कोमट लागली, आत्ताच पायातून काढल्यासारखी. मी हळूच हात मागं घेतला.

"आत्या," म्हणालो, "तुझं झाड तूच सांभाळ."