रुपरावांचं मंगलाष्टक

सत्तर सालाच्या आसपास नागपुरातल्या एखाद्या सभागृहात पांढऱ्या सदऱ्यातले चार पुरुष मोकळ्या हातांनी शिरले, की लोक एकमेकांना विचारायचे, "कोन गेलं?" पेटी नाही, तबला नाही, टाळसुद्धा नाहीत. नुसते चार गळे, तेही विहिरीच्या तळाशी ठेवल्यासारखे. हे 'गंभीर स्वर मंडळ'. त्यातला सगळ्यात खालचा गळा रुपराव भोयरांचा. रुपराव गायला लागले की टेबलावरच्या पेल्यातलं पाणी थरथरायचं आणि अध्यक्षांना वाटू लागायचं, आपलं दिवंगतावर खरंच प्रेम होतं.

मंडळ जन्मलं एका मुख्याध्यापकांच्या शोकसभेत. ठरलेल्या गवयाने पेटी उघडली, तशी पहिल्या रांगेतली म्हातारी म्हणाली, "दुखवट्यात वाजा वाजवता का रे?" पेटी मिटली आणि गवईही मिटला, कारण पेटीशिवाय त्याला सूर सापडेना. तेव्हा मागच्या बाकावरून चार माजी विद्यार्थी उठले. त्यातला धोंडबा गिरणीत कामाला होता, सकाळच्या भोंग्याचा सूर त्याच्या कानात कायमचा बसलेला. तो त्याने नाकात धरला, चार मजले खाली उतरवला आणि रुपराव, मारोतराव, वामनराव यांच्या हवाली केला. सभा ढसाढसा रडली. म्हातारी म्हणाली, "आता कसं मेल्यासारखं वाटलं."

पुढे पाच वर्षांत चौघांनी नोकऱ्या सोडल्या. नागपुरात शोकसभांना तोटा नव्हता. जिवंतपणी ज्याला कोणी चहा विचारला नाही, त्याच्यासाठी तीन-तीन संस्था वेगवेगळ्या सभा घ्यायच्या आणि प्रत्येकीला हेच मंडळ लागायचं. कामही चोख. एकाने श्वास घेतला की बाकी तिघांनी सूर धरून ठेवायचा, मधे फट म्हणून पडू द्यायची नाही. खोकायलासुद्धा जागा मिळायची नाही लोकांना. गाणं संपलं की सगळे आपोआप उठून माना खाली घालायचे. दोन मिनिटं. घड्याळ लागायचं नाही.

फक्त एक झालं. रुपरावांना कोणी चांगल्या कामाला बोलवेना. कोणाच्या तब्येतीची चौकशी करायला गेले, तर घरचे दारातच आडवे यायचे: "बरे हायेत जी ते. मूळव्याध हाय फक्त."

रुपरावांना याचं काही वाटत नसे. लतिकाचं लग्न ठरेपर्यंत.

एकुलती एक मुलगी. तिच्या लग्नात स्वतः रचलेलं एक मंगलाष्टक म्हणायचं, एवढंच त्यांच्या मनात होतं. बोलणी करायला कळमेश्वरहून ईवाई, म्हणजे होणारे व्याही चंद्रभानजी आणि ईहीनबाई भागीरथाबाई आले. पोहे झाले, चहा आला. मग भागीरथाबाईंनी पदर सावरला.

"आमाले मानपान काही नको. एकच गोष्ट. लगनात नवरीच्या बापानं तोंड उघडू नये."

"काहून जी?" सुभद्राबाईंनी विचारलं. त्या रुपरावांच्या पत्नी.

"माया वडलाच्या शोकसभेत हेच गायले होते. माया सासऱ्यानं ते आयकलं अन् घरी येऊन अंथरूण धरलं. नव्वदीचा माणूस. म्हने, माया नंबर लागला."

"लागला का मंग?"

"अजून नाही. पन उठले बी नाही."

चंद्रभानजी बशीतल्या चहाकडे बघत म्हणाले, "तसा आवाज चांगला हाय त्यांचा."

"चांगला हाय म्हनूनच भेव हाय," भागीरथाबाई म्हणाल्या.

रुपराव होकारार्थी "हाव" म्हणाले. एवढ्याशा "हाव"नेसुद्धा कपातला चमचा वाजला. भागीरथाबाईंनी नवऱ्याकडे 'पाहा' अशा अर्थाने पाहिलं.

तरी मंगलाष्टक रचायचं थांबलं नाही. शार्दूलविक्रीडितात लतिका, जावई आणि कळमेश्वर बसवताना रुपरावांचे आठ दिवस गेले. रोज सकाळी न्हाणीघरात रांजणात तोंड घालून ते सराव करायचे. पाचव्या दिवशी शेजारच्या प्रेमलताबाई कुंपणाशी आल्या.

"सुभद्राबाई, आमचे मामंजी इचारून राहिले."

"काय?"

"त्याईले डॉक्टरनं काही सांगतलं नाही. पन तुमच्या घरून आवाज येऊन राहिला, त रुपरावजीले काही कळलं का?"

सुभद्राबाई न्हाणीघराच्या दाराशी गेल्या. "आयकलं का? शेजारचा म्हातारा जीव मुठीत धरून बसला हाय. बंद करा तो रांजण."

"अवं, लगनाचं गानं हाय."

"शब्द लगनाचे हायेत. गानं कायचं हाय ते साऱ्या गावाले मालूम हाय."

वैशाखात लग्न लागलं. मुहूर्त अकरा बेचाळीसचा. मांडवात चारशे माणसं, मुठीत पिवळ्या अक्षता. माइकसमोर नातेवाइकांची रांग. नवरदेवाच्या मावशीने इतका वरचा सूर धरला, की तिसऱ्या ओळीला नुसतं तोंड उघडं दिसत होतं. मग एका चुलत मामाने वृत्तात सगळं खानदान कोंबलं. बबनचा 'बबना' झाला, एका आत्याचं नाव दोन ओळींत चिरलं गेलं. लोक अक्षता टाकत होते आणि जेवणाच्या दिशेने नाक वळवत होते. पण सगळ्यांनाच पंगतीची घाई. एकेकाने आपलं अष्टक असं पळवलं, की अकरा सदतीसलाच रांग संपली.

भटजींनी आपल्याजवळचे होते नव्हते ते श्लोक म्हटले. तरी तीन मिनिटं उरली. सकाळपासूनचं हे चौथं लग्न, गळा पार बसलेला. "अजून कोणी म्हणणार आहे का?" त्यांनी विचारलं. कोणी पुढे येईना. मावशीने हाताने गळा दाखवला.

अंतरपाटामागून लतिका म्हणाली, "बाबा, म्हना ना तुमी."

रुपरावांनी ईहीनबाईंकडे पाहिलं. भागीरथाबाईंनी भटजींकडे, भटजींनी घड्याळाकडे.

"म्हना," भागीरथाबाई म्हणाल्या. "पन जरा वरून म्हना."

रुपराव माइकपाशी गेले. पहिली ओळ त्यांनी खरोखरच वरून म्हटली. बरी झाली. दोघाचौघांनी मानाही डोलावल्या. पण दुसऱ्या ओळीला आवाज सवयीने आपल्या घरी उतरला आणि तिथेच घात झाला. भाताच्या पातेल्याशी देखरेख करणाऱ्या मारोतरावांनी, हातात झारा तसाच धरून, खालचा सूर उचलला. बुटांवर लक्ष ठेवणारे वामनराव तिसऱ्या ओळीला आले. धोंडबा पाणी पीत होता, त्याने पेला ठेवला. चौघे मांडवाच्या चार कोपऱ्यांत, पण श्वास आळीपाळीने, फट कुठे नाही. शब्दांत चंद्र होता, सूर्य होता, लतिका सुखी राहो असं होतं. ऐकलं कोणी ते?

"शुभमंगल सावधान," रुपराव म्हणाले.

अक्षतेचा एक दाणा पडला नाही. चारशे माणसं उभी होती, माना खाली. पुरुषांनी टोप्या काढल्या होत्या. बँडवाल्याने कर्णा काखेत धरला होता. आचाऱ्याने गॅसबत्ती विझवावी तशी हळूच भट्टीची आच कमी केली. नवरदेवाने बाशिंगासकट मान टाकली होती. भागीरथाबाई पदराने डोळे पुसत शेजारणीला म्हणत होत्या, "बाबाच्या वेळी बी असंच गायले होते वं."

अकरा बेचाळीस झाले. भटजींचीही मान खालीच.

अंतरपाटामागून लतिका म्हणाली, "अजून किती वेळ जी? मी जित्ती हावो."

मग भटजी दचकले, अंतरपाट खसकन ओढला गेला, बँड कोकलला, टोप्या डोक्यावर गेल्या आणि अक्षता पडल्या. पण दोन मिनिटं उशिराने आणि चोरासारख्या.

पंगतीत चंद्रभानजी मुद्दाम रुपरावांच्या शेजारी बसले. आधी वांग्याची भाजी संपवली. मग वरण कालवत म्हणाले, "ईवाईबुवा, आमच्या वडलायचं तुमाले ठाऊकच हाय. तुमी बाहेरगावी गेले त पत्ता सांगून जात जा. त्यायच्या वेळचं गानं घरातल्या घरात झालं त बरं."

"हाव," रुपराव म्हणाले.

चंद्रभानजी समाधानाने बुंदी मागायला उठले. सुभद्राबाई तूप वाढत आल्या.

"कसं झालं?" रुपरावांनी विचारलं.

"चांगलं झालं. कोनी मेलं नोतं, येवढीच कसर."

रुपराव खाली बघून जेवू लागले. मग म्हणाले, "तू तरी टाकल्या का अक्षता?"

सुभद्राबाईंनी डावी मूठ उघडली. घामाने भिजलेले पिवळे तांदूळ तळहाताला चिकटून बसले होते.

"मी बी उभीच राह्यली जी. मानूस सवयीचा गुलाम हाय."

आणि तिथेच, पंगतीत, चारचौघांदेखत त्यांनी ती मूठ नवऱ्याच्या डोक्यावर झटकली. काही दाणे केसांत अडकले, काही वरणात पडले. रुपरावांनी ते वरणासकट खाल्ले.